ओली पत्ती

मास्तरांनी पत्ती तोंडात धरली आणि बोलणं बंद केलं. बोरूच्या जातीच्या कांडीतून कापलेली, जवळपास बोटाएवढी लांब अशी ती पट्टी. एका टोकाला जाड, दुसऱ्या टोकाला कागदासारखी पातळ. ती लाळेनं पुरती भिजल्याशिवाय सूर देत नाही. कोरडी फुंकली तर किंचाळते. मास्तर ती जिभेवर घोळवत अंगणातल्या लिंबाकडं बघत बसले. मी बाजेवर त्यांच्यासमोर बसून वाट बघत होतो. त्यांच्या मांडीवर जुन्या लुगड्याच्या फडक्यात गुंडाळलेला सॅक्सोफोन होता. पितळेवरची लकाकी कधीच गेलेली, एका चावीची स्प्रिंग तुटलेली आणि तिच्या जागी रबर लावलेलं.

हे झरी. परभणीहून जिंतूरच्या रस्त्याला लागलं की लागतं ते. काळी जमीन, कापूस, तूर, सोयाबीन, आणि लगीनसराईत एका दिवसात चार-चार लग्नं. मास्तरांची बँडपार्टी या पट्ट्यात नावाजलेली होती. नवरदेवाचा परण्या मारोतीच्या दर्शनाला निघाला की पुढं डोक्यावर गॅसबत्त्या घेतलेल्या बाया, मागं ढोल-ताशा, क्लॅरिनेट, ट्रम्पेट, आणि मधोमध मास्तर. त्यांच्या गळ्यात हा बाजा. आम्ही पोरं वरातीत नाचायचं सोडून त्यांच्या बोटांकडं बघत चालायचो.

एक गाणं ते हटकून वाजवायचे. 'काश्मीर की कली'तलं, रफीसाहेबांचं, दारूच्या नशेत झुलणाऱ्या शम्मी कपूरचं. ते सुरू झालं की ढोल आपोआप मंद व्हायचा, नाचणारी माणसं दमून उभी राहायची आणि सॅक्सोफोन एकटाच पुढं जायचा. मी तेव्हा नऊ-दहा वर्षांचा असेन. मास्तरांना विचारलं, "हे कोणी वाजवलंय सिनेमात?" ते म्हणाले, "रफीचं हाय." मी म्हटलं, "गाणं नाही, हा बाजा?" त्यांनी थोडा विचार केला आणि म्हणाले, "सिनेमावाल्यांनी." त्या उत्तरानं माझं समाधान झालं नाही. त्यांचंही झालं नसावं, कारण पुढं कैक वर्षं मी भेटलो की ते विचारायचे, "सापडला का रं तुझा बाजावाला?"

सापडला. नाव मनोहारी सिंग. जन्म 8 मार्च 1931, कलकत्ता. निधन 13 जुलै 2010, मुंबई. या दोन तारखांमध्ये हिंदी सिनेसंगीताचा निम्मा इतिहास या माणसाच्या श्वासावरून गेला.

घराणं मूळचं नेपाळचं. घरातली मोठी माणसं कलकत्त्याच्या बँडमध्ये वाजवणारी, त्यामुळं बासरी आणि पितळी वाद्यं पाळण्यापासूनची. पण पहिली रीतसर शाळा मिळाली ती एका चपलांच्या कारखान्यात. हुगळीच्या काठी बाटानगर आहे. तिथं बाटा कंपनीचा स्वतःचा बँड होता. ज्या कंपनीची चप्पल झरीच्या बाजारातही इभ्रतीची समजली जायची, तिच्याच बँडमध्ये 1942 साली अकरा वर्षांचा मनोहारी वाजवायला लागला. बँडचे प्रमुख जोसेफ न्यूमन. त्यांच्या हाताखाली हा पोरगा पाश्चात्य स्वरलिपी वाचायला शिकला. आधी बासरी, मग चाव्यांची बासरी, पिकोलो, क्लॅरिनेट, मँडोलिन. सॅक्सोफोन सगळ्यात शेवटी आला आणि मग तोच कायमचा राहिला.

ही स्वरलिपीची गोष्ट साधी समजू नका. पुढं मुंबईत ज्यांनी ज्यांनी नाव काढलं, त्यातल्या बहुतेकांकडं ही एक विद्या होती. समोर कागद ठेवला की पहिल्या फटक्यात वाजवायचं. गोव्याच्या पोरांना ती चर्चच्या शाळेत व्हायोलिनबरोबर मिळाली. मनोहारी सिंगांना ती कारखान्याच्या बँडमध्ये मिळाली.

कलकत्ता त्या काळात जॅझचं शहर होतं. दुसरं महायुद्ध चालू, अमेरिकी आणि ब्रिटिश सैनिकांनी शहर भरलेलं, हॉटेलांत रोज रात्री नाच. टेडी वेदरफर्ड हा शिकागोचा नावाजलेला काळा पियानोवादक तिथल्या ग्रँड हॉटेलात वाजवत होता. 1945 मध्ये पटकीनं त्याचा कलकत्त्यातच मृत्यू झाला. चौरंगीवरचं फिर्पो हे रेस्टॉरंट तर बड्या लोकांचं. मनोहारी सिंग दिवसा रेकॉर्डिंग कंपनीत बंगाली गाण्यांना वाजवायचे आणि रात्री फिर्पोसारख्या ठिकाणी नाचाच्या बँडमध्ये. नाचाच्या बँडमध्ये एक शिस्त असते. कागदावर लिहिलेलं तंतोतंत वाजवायचं, आणि तुमच्या वाट्याला मोकळ्या मात्रा आल्या की उठून उभं राहायचं आणि जे मनात येईल ते, पण तालाच्या आत, वाजवून परत बसायचं. जॅझ म्हणतात ते हेच. आपल्याकडं बैठकीत गवई समेवर येण्याआधी जी धडपड करतो, तिचीच ही चुलत बहीण.

1958 मध्ये संगीतकार सलील चौधरींच्या सांगण्यावरून ते मुंबईला आले. वय 27. सचिनदेव बर्मन यांच्या 'सितारों से आगे'पासून काम सुरू झालं आणि मग थांबलं नाही.

ते आले त्या मुंबईत सॅक्सोफोन नवा नव्हता. 1935 मध्ये लिऑन अ‍ॅबी या अमेरिकी बँडप्रमुखाचा ताफा ताजमहाल हॉटेलात आला, तेव्हापासून शहराला जॅझचं वेड लागलं होतं. कावसजी खटाव नावाचा एक पारशी तरुण टेनर सॅक्सोफोन घेऊन उभा राहिला आणि रूडी कॉटन या नावानं देशभर गाजला. गोव्याच्या हळदोण्याचा अँटोनियो झेवियर वाझ ट्रम्पेट घेऊन आला आणि चिक चॉकलेट झाला. मग 1949 चा दारूबंदीचा कायदा आला. हॉटेलांतल्या नाचांवर संक्रांत आली. जे बँडवाले रात्री नाचाला वाजवत ते दिवसा सिनेमाच्या स्टुडिओत दिसायला लागले. त्यांना सिनेमात सन्मानानं घेणाऱ्यांत एक आपला माणूस होता. पुणतांब्याचे रामचंद्र नरहर चितळकर, म्हणजे सी. रामचंद्र. 1951 च्या 'अलबेला'त भगवानदादा नाचतात तेव्हा मागं उभा असलेला बँड पडद्यावर दिसतो, तो खराखुरा चिक चॉकलेटचा बँड आहे. पुढच्या वेळी बघाल तेव्हा भगवानदादांवरून नजर जराशी बाजूला न्या.

थोडं वाद्याबद्दल सांगायला हवं, नाहीतर मनोहारी सिंगांनी काय केलं ते कळणार नाही.

सॅक्सोफोन हे बँडमध्ये पितळी वाद्यांच्या रांगेत दिसत असलं तरी घराणं क्लॅरिनेटचं. सूर पत्तीच्या थरथरीतून येतो, पितळेतून नाही. बेल्जियमच्या अ‍ॅडॉल्फ सॅक्सनं ते घडवलं आणि 1846 मध्ये पॅरिसला त्याचं पेटंट घेतलं. त्याला लष्करी बँडसाठी असं वाद्य हवं होतं की ज्यात क्लॅरिनेटची चपळाई असेल आणि ट्रम्पेटचा दणका. त्याची नळी खाली खाली रुंद होत जाते. त्यामुळं अंगठ्याची चावी दाबली की तोच स्वर वरच्या सप्तकात निघतो, बोटं तीच राहतात. क्लॅरिनेटची नळी सरळ. तिथं तीच युक्ती केली की स्वर सप्तक ओलांडून पुढच्या पंचमावर उडतो. म्हणून बँडपार्टीतला क्लॅरिनेटवाला सॅक्सोफोन हातात घेतो तेव्हा त्याला मोकळं मोकळं वाटतं. मास्तरांच्या शब्दांत, "क्लॅरिनेट म्हंजी घाटाचा रस्ता, ह्यो म्हंजी माळ."

लष्करातून संस्थानांच्या बँडमध्ये, तिथून गावोगावच्या बँडपार्ट्यांत, असा या वाद्याचा देशभरचा प्रवास झाला. या बाजेवाल्यांवर ग्रेगरी बूथ या अभ्यासकानं आधी 'ब्रास बाजा' हे पुस्तक लिहिलं आणि मग 2008 मध्ये मुंबईच्या सिनेवादकांवर 'बिहाइंड द कर्टन'. एकाच माणसानं आधी वरातीतले आणि मग स्टुडिओतले वादक शोधत जावं, यात मला फार मोठा अर्थ दिसतो. ती एकाच रस्त्याची दोन टोकं आहेत.

मनोहारी सिंग मुख्यतः आल्टो वाजवायचे. आल्टोची एक खोड अशी की तो पेटीच्या पट्टीत बोलत नाही. पेटीवर गाणं पांढरी तीनमध्ये असेल तर आल्टोवाल्याला त्याच्या वाद्यावर काळी एकचा षड्ज धरावा लागतो. म्हणजे चाव्यांचं जंगल. सिनेमात पट्टी गायकाच्या गळ्याप्रमाणे ठरते, वादकाच्या सोयीनं नाही. लताबाईंना किंवा रफीसाहेबांना जी पट्टी सुखाची, तीच बाजावाल्याच्या बोटांची परीक्षा. शिवाय तेव्हा सगळं एकत्र ध्वनिमुद्रित व्हायचं. गायक, पन्नास-साठ वादक, एकच टेक. तुमच्या वाट्याला कडव्यांच्या मधले दहा सेकंद. त्यात चूक झाली तर सगळ्यांना पुन्हा पहिल्यापासून. या दहा सेकंदांसाठी माणूस तीस-तीस वर्षं रियाज करत राहतो.

आता ते 'काश्मीर की कली'चं गाणं पुन्हा ऐका. 1964 साल, ओ. पी. नय्यर. रफीसाहेब ओळ संपवतात आणि श्वास घेतात. त्या श्वासाच्या फटीत सॅक्सोफोन शिरतो. गायलेली ओळ तो परत म्हणत नाही. ती ऐकून घेतो आणि आपलं काहीतरी बोलतो, गुत्त्यात शेजारच्या बाकावर बसलेल्या माणसासारखं. शेवटच्या स्वराला थेट बसत नाही, खालून घसरत येतो, आणि पोचल्यावर तो स्वर किंचित थरथरतो. ही थरथर ओठाची आहे. खालचा ओठ पत्तीवर किती दाबायचा आणि कधी सैल सोडायचा, एवढाच खेळ. स्वरलिपीत ही मींड नेमकी लिहिता येत नाही. तिथं कागद संपतो आणि फिर्पोतल्या रात्री कामाला येतात.

1965 चा 'गाईड' घ्या. 1969 चा 'आराधना' घ्या. 'आराधना'तलं ते पावसाच्या रात्रीचं, शेकोटीभोवतीचं गाणं कॅमेऱ्यानं सलग एकाच शॉटमध्ये टिपलेलं आहे. राजेश खन्ना आणि शर्मिला टागोर यांच्यामध्ये तिसरं कोणी असेल तर तो सॅक्सोफोन आहे. केरसी लॉर्ड यांचा अ‍ॅकॉर्डियन आणि मनोहारी सिंगांचा सॅक्सोफोन काढून घ्या आणि ते दृश्य नुसतं बघा, म्हणजे त्या दोघांनी काय पेटवलं होतं ते कळेल.

जॅझच्या जाणकारांशी माझा इथं जुना वाद आहे. भारतीय जॅझची यादी करताना ते मनोहारी सिंगांचं नाव घेत नाहीत, किंवा घेतलं तर 'सिनेमावाले' म्हणून तळटीपेत. त्यांच्या यादीत पहिलं नाव ब्राझ गोन्साल्विस यांचं असतं आणि ते योग्यच आहे. गोव्याच्या नेवरा गावचा हा सॅक्सोफोनवादक, चिक चॉकलेटचा जावई. कलकत्त्यात लुई बँक्स यांच्याबरोबर वाजवलं, 1970 च्या सुमारास 'राग रॉक' नावाची रेकॉर्ड काढली, रागांचे स्वर घेऊन जॅझ कसा उभा करता येतो ते आधी करून दाखवणाऱ्यांत हा माणूस. निरंजन झवेरींच्या 'जॅझ यात्रा' या महोत्सवाच्या काळात त्यांचं नाव देशाबाहेरही पोचलं. पुढं त्यांनी वाद्य भक्तिसंगीताला वाहिलं. त्यांच्याबद्दल माझ्या मनात नितांत आदर आहे.

ती जॅझ यात्रा 1978 मध्ये मुंबईच्या रंगभवनात सुरू झाली तेव्हा साक्षात सॉनी रॉलिन्स वाजवायला आला होता. जगातला सगळ्यात थोर टेनर सॅक्सोफोनवादक म्हणून त्याला मानणारे खूप. तो मुंबईला नवखा नव्हता. 1960 च्या दशकाच्या अखेरीस सगळा व्याप सोडून तो पवईच्या आश्रमात येऊन राहिला होता, ध्यान आणि योग शिकत. ऐन भरात असलेला वादक श्वास शिकायला पवईला आला, आणि त्याच शहरात काही मैलांवर ताडदेवच्या फिल्म सेंटरमध्ये मनोहारी सिंग रोज सकाळी पत्ती भिजवून कामाला बसत होते, ही गोष्ट मला कधी विसरता येत नाही. दोघं भेटले असते तर, असं वाटत राहतं.

माझं म्हणणं एवढंच आहे की रंगभवनात त्या रात्री काही हजार लोकांनी जॅझ ऐकला, आणि मनोहारी सिंगांचा ऐकला तो झरीनं. जिंतूरनं, सेलूनं, मानवतनं ऐकला. बुधवारी रात्री रेडिओ सिलोन लावून बसलेल्या घरांनी, हॉटेलातल्या कपबश्यांच्या आवाजात, टुरिंग टॉकीजच्या तंबूत. त्याला जॅझ म्हणतात हे कोणाला माहीत नव्हतं, पण तो स्वर घसरत येऊन जाग्यावर बसला की माणूस क्षणभर गप्प व्हायचा. दहा सेकंदांत कोणी मला हलवलं असेल तर ते वीस मिनिटांच्या वादनापेक्षा कमी कसं?

राहुलदेव बर्मन, म्हणजे पंचमदा, यांच्याबरोबरची मनोहारी सिंगांची वर्षं हा स्वतंत्र लेखाचा विषय आहे. पंचमदांचे तीन सहायक: चेलोवादक बासू चक्रवर्ती, मनोहारी सिंग आणि तालाची सगळी बाजू सांभाळणारे आपले मारुतीराव कीर. बासू आणि मनोहारी सुरांची मांडणी करायचे, कोणतं वाद्य कुठं शिरेल, कुठं गप्प बसेल ते ठरवायचे. 1966 च्या 'तीसरी मंझिल'मध्ये पितळी वाद्यांचा जो लोंढा येतो, तो ऐकताना नाचाच्या बँडमध्ये वाढलेला कान लगेच ओळखू येतो. 1976 मध्ये मेहमूदच्या 'सबसे बडा रुपैया'ला या दोघांनी 'बासू-मनोहारी' या नावानं संगीतही दिलं. पण संगीतकार म्हणून ते फार पुढं गेले नाहीत. पंचमदांच्या सिनेमांच्या श्रेयनामावलीत 'सहायक' या शब्दाखाली तिघांची नावं एकत्र यायची, दोन-तीन सेकंद. झरीतल्या तंबूत मी ती नक्की पाहिली असणार. तेव्हा इंग्रजी वाचता येत नव्हतं.

वादकाचं नाव रेकॉर्डवर न छापणं हा त्या धंद्याचा सरसकट रिवाज होता. संगीतकार, गीतकार, गायक, बस्स. ज्यानं फुंकलं त्याचं नाव नाही. मनोहारी सिंगांनी सॅक्सोफोनवर वाजवलेल्या चित्रगीतांच्या स्वतंत्र रेकॉर्डी निघाल्या, त्यांवर नाव होतं, हे त्यांचं भाग्य. शेकडो वादकांना तेही मिळालं नाही. मला याची चीड येते, आणि ती वयाबरोबर कमी व्हायच्या ऐवजी वाढतेय.

ऐंशीच्या दशकात सिंथेसायझर आला. एका कळफलकावर व्हायोलिनंही वाजू लागली आणि पितळी वाद्यंही. एकेक वाद्य वेगळं मुद्रित करायची सोय झाली. साठ माणसांनी एका खोलीत एकमेकांचा श्वास ऐकत वाजवायची गरज उरली नाही. 4 जानेवारी 1994 ला पंचमदा गेले. '1942: अ लव्ह स्टोरी' त्यांच्या मागं प्रदर्शित झाला. मनोहारी सिंग त्यानंतरही वाजवत राहिले, पंचमदांच्या आठवणीच्या कार्यक्रमांत, रसिकांच्या मैफलींत. ब्रह्मानंद सिंग यांच्या 'पंचम अनमिक्स्ड' या माहितीपटात मी त्यांना पहिल्यांदा बोलताना पाहिलं आणि ऊर भरून आला. इतकी वर्षं ज्याचा श्वास ऐकला त्याचा आवाज त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला.

झरीतही तेच झालं, जरा उशिरा. डीजे आला. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर भिंतीएवढे स्पीकर, घरांच्या खिडक्यांची तावदानं हादरतात, म्हाताऱ्यांच्या छातीत धडधड होते. बँडपार्टीला सुपारी येईनाशी झाली. मास्तरांची पोरं दुसऱ्या कामाला लागली. एकानं ढोल विकला. मास्तरांनी सॅक्सोफोन विकला नाही. कोणी घेणारही नव्हतं म्हणतात, पण मला ते खरं वाटत नाही. घेणारा आला असता तरी त्यांनी दिला नसता.

या वेळी गेलो तेव्हा मी मोबाईलवर मनोहारी सिंगांचा फोटो दाखवला. पांढरे केस, ओठांत आल्टो. मास्तरांनी चष्मा पुसला, मोबाईल लांब धरला, जवळ आणला. नाव दोनदा म्हणून पाहिलं. मग गेल्याची तारीख विचारली. मी सांगितली, 13 जुलै 2010.

"म्हंजी मी वाजवायलो तवा ते होते की." ते म्हणाले. "आपुन इकडं, ते तिकडं. एकच गानं."

मग त्यांनी फोटोतल्या ओठांकडं पुन्हा बघितलं.

"बगा, खालचा ओठ किती आत घेतलाय. मला वाटायचंच. मी मोप केलं तरी ती थरथर यायची नाही. मी ओठ भाईर ठेवायचो."

एवढं बोलून त्यांनी पत्ती तोंडात धरली होती. आता ती भिजली. मुखनळीवर बसवली, दोन्ही स्क्रू पिळले, अंगठ्यानं टोक सारखं केलं. खालचा ओठ त्यांनी दातांवर आत ओढला, पूर्वीपेक्षा जास्त. पहिली फुंक नुसतीच वाऱ्याची गेली. दुसरीला स्वर फाटला. बैल दावणीतून वर बघायला लागला. मास्तर थांबले, ओठ पुसला, पुन्हा आत घेतला आणि तिसऱ्यांदा फुंकर मारली.

स्वर खालून घसरत आला.

"आला का?" त्यांनी डोळ्यांनीच विचारलं, कारण तोंडातून त्यांना तो सोडायचा नव्हता.

मी मान हलवली.